जीन हास साहेबांना, भोसरीहून

आदरणीय जीन हास साहेब,

स. न. वि. वि.

आपली ओळख नाही. भोसरी एमआयडीसीतल्या माझ्या छोट्या शॉपमध्ये तुमच्या हास ऑटोमेशनचं, म्हणजे धातू कापणारी कॉम्प्युटरवरची मशीन बनवणाऱ्या तुमच्या कंपनीचं, एकही मशीन नाही. आहेत त्या व्हीएमसी (उभ्या मिलिंग मशीन) दुसऱ्या कंपनीच्या, त्याही सेकंडहँड. तरीही मनापासून आभार मानायचेत, कारण आमची पोरं सेटिंग शिकली ती तुमच्या कंपनीच्या व्हिडिओंवर. वर्क ऑफसेट (जॉब मशीनवर नेमका कुठे आहे ते) कसा घ्यायचा, टूलची लांबी कशी भरायची, टॅप (आटे पाडायचं टूल) का तुटतो, हे तुमचे प्रशिक्षक मशीनसमोर उभे राहून दाखवतात. पैसे घेत नाहीत, मशीन कुणाचं हेही विचारत नाहीत. कंट्रोल वेगळा असला तरी जी-कोड, म्हणजे मशीनला द्यायच्या आज्ञा, बराचसा तोच. आयटीआय करून आलेला मुलगा एरवी सेटरच्या मागेमागे फिरून जे शिकायचा, ते आता जेवणाच्या सुट्टीत मोबाइलवर बघतो आणि लगेच करून पाहतो. इंग्रजी अडलं तर हात बघून कळतं.

तुम्ही स्वतः मशीन शॉपमधून वर आलात. १९८३ मध्ये कॅलिफोर्नियात कंपनी काढलीत ती इंडेक्सर, म्हणजे जॉब नेमक्या कोनात फिरवणारं उपकरण, बनवायला. १९८८ च्या शिकागोच्या प्रदर्शनात तुमचं पहिलं मिलिंग मशीन व्हीएफ-१ मांडलंत, तेही ५० हजार डॉलरच्या आत. आजही मशीनच्या किमती तुम्ही वेबसाइटवर उघड लावता. कोटेशनसाठी ज्याने खेटे घातलेत, त्याला याचं मोल कळतं.

आणि मग फॉर्म्युला वन! त्याआधी अमेरिकेत तुमच्या शर्यतीच्या संघात ड्रायव्हर टोनी स्टुअर्टला निम्मी भागीदारी देऊन तुम्ही नॅस्कार या तिथल्या कार शर्यतींचं विजेतेपद मिळवलं होतंच. २०१६ मध्ये मेलबर्नला तुमच्या संघाच्या पहिल्याच शर्यतीत तुमचा ड्रायव्हर ग्रोजाँ सहावा आला. इंजिन फेरारीचं, चॅसी (गाडीचा सांगाडा) दल्लारा या इटालियन कंपनीकडून. नियमात बसेल तेवढं तुम्ही बाहेरून घेतलंत. काहींनी त्याला उसनवारी म्हणून नाकं मुरडली. मला ते मुळीच पटत नाही. जे दुसरा चांगलं करतो ते त्याच्याकडून करून घ्यायचं, यावर तर आमची अख्खी एमआयडीसी चालते. २०१० मध्ये आलेले तिन्ही नवे संघ एकेक करून बंद पडले. तुमचा संघ उभा आहे, २०१८ मध्ये तर तो पाचवा आला.

पण मला सगळ्यात भिडलं ते गाडीचं नाव. व्हीएफ-१६, तुमच्या पहिल्या मिलिंग मशीनवरून! इकडे आमच्या कामाला घरचेसुद्धा 'लोखंड कापणं' म्हणतात. २०२२ मध्ये साओ पाउलोला पाऊस यायच्या आत लॅप मारावी म्हणून तुमचा ड्रायव्हर मॅग्नुसेनची गाडी पिट लेनच्या तोंडाशी सगळ्यांच्या पुढे उभी होती. त्याने पोल (सगळ्यांत पुढची जागा) घेतली तेव्हा आमचे ऑपरेटर ती आपलीच गाडी असल्यासारखे नाचले. मशीन बनवणाऱ्या माणसाचं नाव त्या गाडीवर आहे, म्हणून.

एक विनंती आहे. ते व्हिडिओ असेच सगळ्यांसाठी खुले राहू द्या. जूनमध्ये आमच्याकडे नवे शिकाऊ येतील, त्यांनाही ते लागणार आहेत.

आपला कृतज्ञ,
भोसरीतला एक जॉबवर्कवाला