वकीलताई, फोन तुम्ही मायला केलात

वकीलताई, सप्रेम नमस्कार.

फीची पावती तुम्ही न मागता दिलीत, तेव्हा खरं तर हिशेब मिटला. तरी हे पत्र लिहितेय, आणि चारचौघांत लिहितेय, कारण दादांवर, म्हणजे माझ्या वडलांवर, गुन्हा दाखल झाल्याची बातमीही चारचौघांतच फिरली होती.

भांडण बांधाचं. शेजाऱ्यानं दरसाल ट्रॅक्टरनं बांध कोरत आणला. दादांनी हद्द कायम करून घ्यायला मोजणीची फी भरली, आणि मोजणीवाले यायच्या आधी पोलीस आले. फिर्यादीत दादा आणि धाकटा भाऊ. शिवीगाळ, मारहाण, आणि वर गळ्यातलं सोनं हिसकावलं म्हणून जबरी चोरी. मधेच सोनं कुठून आलं ते तुम्ही सांगितलंत तेव्हा उमगलं. सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेचा गुन्हा असला की पोलिसांना सहसा अटकेआधी नोटीस द्यावी लागते. जबरी चोरीला दहा वर्षांपर्यंत शिक्षा आहे, तिथं ती अडचण राहत नाही. ऐन सोयाबीनच्या काढणीत दादा आणि भाऊ भाच्याच्या शेतातल्या आखाड्यावर लपून राहिले. जन्मात कधी ठाण्याची पायरी न चढलेला माणूस!

तुमच्याआधी एका नामांकित वकिलांकडे गेलो होतो. त्यांनी कागद न उघडताच सांगितलं, "सेशन कोर्टाला काही होत नसतं, संभाजीनगरला हायकोर्टाच्या खंडपीठात जावं लागंल, तिथल्या वकिलाची फी वेगळी." त्यांची स्वतःची अर्धी फी मात्र आधी घेतली. मग फोन उचलणं बंद. गावातल्या पुढाऱ्यानं तर "दोन दिवस आत राहून या, मग बघू" असा सल्ला दिला, जणू लग्नाला जाऊन यायचंय.

तुम्ही अंबाजोगाईच्या सेशन कोर्टातच अटकपूर्व जामिनाचा अर्ज टाकलात. फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा 1 जुलै 2024 पासून लागू झाला, या जामिनाचं जुनं कलम 438 जाऊन 482 झालं, तरी तुमचे कारकून "438चा अर्ज" असंच म्हणत होते, आणि जुन्या वकिलांना 482 म्हटलं की जुन्या कायद्यातला गुन्हा रद्द करायचा अर्ज आठवतो म्हणून हसत होते. त्या दिवसांत घरचं माणूस हसलेलं मी पाहिलं नव्हतं, म्हणून तेसुद्धा बरं वाटलं. कोर्टातलं मी लिहीत नाही, मला त्यातलं फार कळलंही नाही. मोजणीच्या फीच्या पावतीची तारीख फिर्यादीच्या आधीची आहे, हे तुम्ही पुन्हा पुन्हा दाखवलंत एवढं कळलं.

पण मला लिहायचंय ते फोनबद्दल. अंतरिम, म्हणजे तात्पुरता, जामीन झाला त्या संध्याकाळी मी लातूरला फोन हातात धरून बसले होते. फी मी दिलेली, धावपळ माझी, तेव्हा फोन मलाच येणार. तुम्ही तो मायला केलात. तिचा बटणाचा फोन, त्याचा नंबर तुम्ही पहिल्याच दिवशी फाईलच्या पाठीवर लिहून घेतला होता, आणि मला वाटलं होतं, हा कशाला? "मावशी, काकांना घरी बोलवा. आज रात्रीचं जेवण घरीच वाढा." एवढंच बोललात म्हणे. वर, कुणी आलं तर माझ्याशी बोलायला सांगा. मायनं ते वाक्य गल्लीत प्रत्येकाला सांगितलं, अजून सांगते. फिर्यादीत तिचं नाव नव्हतं, म्हणून आजवर तिला कुणी काही विचारलं नव्हतं, कुणी काही सांगितलंही नव्हतं. रात्री कुत्रं भुंकलं की उठून बसायची ती मात्र तीच.

माणसाला आधी माणूस म्हणून विचारणारी माणसं कमी झालीत असं सगळे म्हणतात. मला वाटतं ती आहेत, फक्त त्यांच्या दारावरची पाटी लहान असते. गाव मोठी पाटी बघून जातं, आम्हीही तसेच गेलो होतो.

जामीन कायम झाला. हा तारखेपुरता नाही, अटी पाळल्या तर खटला संपेपर्यंत टिकतो, सुप्रीम कोर्टानं 2020 मध्ये तसं सांगितलंय, हे तुम्ही दादांना समजावलंत. दादा ते आता पारावर इतरांना समजावतात, निम्मं चुकीचं. दर रविवारी ठाण्यात हजेरीला इस्त्रीचं धोतर नेसून जातात. मोजणी अजून व्हायची आहे, शेजारी अजून बोलत नाही.

पुढच्या तारखेला माय सोबत येणार आहे. नव्या तुरीची डाळ आणतेय, घरच्या जात्यावर भरडलेली. ती फीत धरू नका, आणि नको म्हणू नका.

तुमची,
लातूरला दिलेली त्यांची लेक