बंड्या, बेदाणे बीप वाजल्यावरच टाक

गिरगाव, मुंबई
जुलै, शनिवार रात्र

प्रिय बंड्या,

परवा तुझा फोन आला तेव्हा मी लोकलमध्ये होतो, चर्नी रोड यायला आलं होतं, आवाज नीट येत नव्हता, त्यामुळे तुला धड काही सांगताच आलं नाही आणि तेव्हापासून तो तुझा ब्रेड डोक्यातनं जात नाहीये. वर काळपट साल, आत राखाडी जांभळट रंग, बेदाण्यांचा पत्ता नाही आणि खालचा भाग दगड. तू म्हणालास ब्रेड मशीनच बेकार आहे, माळ्यावर टाकतो. टाकू नकोस रे. मशीन चांगलं आहे. तू जी जी लक्षणं सांगितलीस त्या सगळ्यांना कारणं आहेत आणि सगळी दूर होणारी आहेत, म्हणून हे सविस्तर लिहितोय, सावकाश वाच.

बेदाणे, अक्रोड, काजू, दालचिनी सगळं तू मैद्याबरोबर एकदमच टाकलंस म्हणालास. निम्मं काम तिथेच बिघडलं. मशीनचं पातं पहिली वीस-पंचवीस मिनिटं पीठ नुसतं ढवळत नाही, ते गोळा भांड्याच्या भिंतीवर आपटतं, ओढतं, परत गुंडाळतं. त्यात बेदाणा टिकत नाही. साल फाटते, आतला गोड गर पिठात मिसळतो आणि बेदाणा दिसेनासा होतो, पण त्याची साखर कुठे जाते, ती पिठातच उतरते. आता थोडी साखर असली तर यीस्टला खायला मिळतं, पण ती मैद्याच्या वजनाच्या दहा टक्क्यांच्या वर जायला लागली की यीस्टच्या पेशींमधलं पाणी बाहेर ओढलं जातं, यीस्ट सुस्त पडतं आणि ब्रेड हवा तसा फुगत नाही. तीच जास्तीची साखर भाजताना साल लवकर काळी करते. म्हणजे तुझी काळी साल आणि खालचा दगड ही दोन वेगळी दुखणी नाहीतच.

जांभळट रंग मात्र अक्रोडाचा. अक्रोडाच्या गरावर ती पातळ तपकिरी साल असते बघ, जिभेला तुरट कडवट लागते, तिच्यात टॅनिन असतं. मळता मळता ती साल चुरली गेली की सगळ्या पिठाला रंग चढतो. खायला काही धोका नाही, पण दिसायला वाईट दिसतं आणि तुरटपणा ब्रेडभर पसरतो. शिवाय अक्रोड-काजूच्या कडा धारदार असतात, त्या मैद्यातल्या ग्लुटेनचे धागे कापत राहतात, आणि यीस्टचा वायू धरून ठेवायला तेच धागे लागतात. म्हणून ती बीप दिलेली असते. मळणं संपत आलं, गोळा गुळगुळीत झाला, धागे तयार झाले की मशीन हाक मारतं की आता टाका. प्रत्येक मशीनची वेळ वेगळी, अर्ध्या तासाच्या आसपास धर, आणि सुरू करतानाच फळं-सुकामेव्याचं सेटिंग निवडावं लागतं नाहीतर काही मशीन बीप देतच नाहीत.

त्या वेळेला मी स्वयंपाकघरातनं हलत नाही. झाकण उघडायचं, पातं फिरत असतानाच मूठ मूठ टाकायचं, एकदम सगळं ओतायचं नाही. सुरुवातीला बेदाणे गोळ्यावरनं घसरून भांड्याच्या कोपऱ्यात साचतात, वाटतं हे काही आत जात नाहीत, मग गोळा एक वळसा घेतो आणि दोन-चार आत ओढतो, परत वळसा, परत चार, आणि बघता बघता गोळ्याच्या पाठीवर आतनं उंचवटे दिसायला लागतात. मला हे बघायला फार आवडतं, रोज दाखवलं तरी रोज बघेन. कोपऱ्यात उरलेले बेदाणे रबराच्या चमच्याने गोळ्याकडे ढकलायचे, स्टीलचा चमचा अजिबात नको, भांड्याचं नॉनस्टिक कोटिंग जातं.

बेदाण्यांचं आधी थोडं करावं लागतं. आपल्याकडे येतात ते बहुतेक सांगली-तासगावकडचे. तिकडे द्राक्षं पोटॅशियम कार्बोनेट आणि इथाइल ओलिएटच्या द्रावणात बुडवून शेडमध्ये जाळ्यांवर वाळवतात, त्याने द्राक्षाच्या सालीवरचा मेणासारखा थर सैल होतो आणि पाणी लवकर उडतं. त्यामुळे बेदाणे कोमट पाण्यात धुवून घ्यायचेच. दहा मिनिटं त्यातच राहू दे, पण मग चाळणीत निथळून फडक्यावर कोरडे कर, अगदी कोरडे, कारण ओले बेदाणे टाकले की त्यांच्याभोवती पीठ चिकट होतं आणि तिथे कच्ची पोकळी राहते. शेवटी चमचाभर मैद्यात घोळवून घे म्हणजे एकमेकांना चिकटत नाहीत. अक्रोड-काजू तव्यावर मंद आचेवर भाजून, गार करून, हाताने मोडायचे, सुरीने बारीक चिरायचे नाहीत. काजू मिळाले तर वेंगुर्ल्याचे घे. मस्जिद बंदरला जाणार असशील तर जर्दाळू पण बघ, बी काढून चार तुकडे करायचे, गोड ब्रेडमध्ये त्याचा आंबटपणा काय सुंदर लागतो, मला तर बेदाण्यापेक्षाही जास्त आवडतो.

आणि टूटीफ्रूटीला नावं ठेवू नकोस. आपल्या लहानपणी बेकरीत मिळायचा तो फ्रूट ब्रेड म्हणजे टूटीफ्रूटीचाच, लाल-हिरवे चौकोनी तुकडे, आणि ते तुकडे म्हणजे कच्ची पपई, पाकात शिजवून रंगवलेली. गंमत म्हणजे कच्ची पपई तशीच पिठात घातलीस तर तिच्यातलं पपेन ग्लुटेन तोडून टाकेल आणि सगळ्याचा चिखल होईल. ताज्या अननसाचं पण तसंच, त्यात ब्रोमेलेन असतं. शिजवलं की ही एन्झाइम्स निकामी होतात, म्हणून टूटीफ्रूटी चालते, डब्यातला अननस निथळून घेतला तर चालतो, ताजा नाही. वहिनींनी ताजी फळं घालू का विचारलं होतं ना, त्यांना हे सांग.

दालचिनी तू दीड चमचा घातलीस हे ऐकून मी चमकलोच. दालचिनीत सिनॅमाल्डिहाइड असतं, ते यीस्टची वाढ रोखतं. वांद्र्याला गुड फ्रायडेला मिळणाऱ्या हॉट क्रॉस बनमध्ये दालचिनी असते हे खरं, पण बेताची. तू पाव चमचा घाल, बास. माझं विचारशील तर गोड ब्रेडला वेलची आणि किंचित जायफळ जास्त शोभतं, आपल्या जिभेला ती चव ओळखीची आहे आणि ब्रेड गरम असताना घरभर जो वास सुटतो त्याला तोड नाही.

आता ते अमेरिकन पुस्तक. लेकाने मशीनबरोबर पाठवलं, प्रेमाने पाठवलं, कपाटात जपून ठेव, पण त्यातलं पाण्याचं माप पाळू नकोस. तिकडचं ब्रेड फ्लावर म्हणजे बारा-तेरा टक्के प्रथिनं, आपला मैदा साधारण दहाच्या आसपास. प्रथिनं जास्त तर पीठ पाणी जास्त पितं. तिकडच्या मापाने आपल्याकडे पाणी घातलं की पीठ सैल पडतं, आधी भरपूर वर येतं आणि भाजताना मधोमध खचतं. त्यात हा पावसाळा. मैदा डब्यात असला तरी हवेतली ओल धरतो, म्हणून जूनपासून मी पाणी थोडं हातचं राखूनच घालतो. (ट्रान्सफॉर्मर लावलास ते उत्तम केलंस, ते मशीन 120 व्होल्टचं, आपल्याकडे 230, थेट लावलं असतंस तर गेलंच असतं.)

माझं माप लिहून घे, आणि वजनकाट्यावरच घे, वाट्या-कपांवर भरवसा नको. मैदा 400 ग्रॅम. दूध आणि पाणी निम्मंनिम्मं मिळून 250 मिली, पण आत्ता पावसाळ्यात 230 ने सुरुवात कर. दूध तापवून गार केलेलंच हवं, कच्च्या दुधातली काही प्रथिनं ब्रेडला फुगू देत नाहीत, आपल्याकडे दूध तापवतातच त्यामुळे ते आपसूक होतं. लोणी 30 ग्रॅम, साखर 40, मीठ 7, इन्स्टंट यीस्ट 5 ग्रॅम. सुकामेवा आणि फळं सगळं मिळून 130 ग्रॅम, त्याच्यावर हाव नको. आधी दूध-पाणी आणि लोणी, त्यावर मैदा, मग एका कोपऱ्यात मीठ, दुसऱ्या कोपऱ्यात साखर, आणि मध्ये मैद्यात खळगा करून यीस्ट, त्याला खालचं पाणी लागता कामा नये. तुझ्या मशीनच्या पुस्तकात यीस्ट आधी घाला असं असेल तर मात्र तसंच कर, तेवढं त्यांचं ऐक. प्रोग्राम गोड ब्रेडचा निवड, त्यात फुगायला वेळ जास्त आणि भाजायची आच कमी असते. सालीचं सेटिंग 'लाइट'.

सुरू करून दहा मिनिटं झाली की झाकण उघडून बघ. लोक झाकण उघडायला का घाबरतात कळत नाही, मळताना उघडलं तर काही बिघडत नाही, फुगताना आणि भाजताना उघडायचं नाही. गोळा पोळीच्या कणकेपेक्षा सैल आणि पुरणपोळीच्या कणकेपेक्षा घट्ट हवा. भांड्याच्या तळाला जरासा चिकटतो पण भिंती स्वच्छ ठेवतो. कोरडा दिसला, ठकठक आवाज करत फिरला तर एक चमचा पाणी, थांब, बघ, मग दुसरा. पसरट झाला तर चमचाभर मैदा. ही दोन मिनिटं दिलीस की मशीन पुढचं सगळं सांभाळतं.

अजून एक सांगायचंच आहे, कारण ते वाचल्यापासून मला त्या मशीनबद्दल फार आदर वाटतो. 1985 च्या सुमाराला जपानमध्ये मात्सुशिता कंपनी घरगुती ब्रेड मशीन बनवत होती आणि काही केल्या ब्रेड जमेना, बाहेरनं करपायचा, आत कच्चा राहायचा. त्यांनी मशीनने मळलेल्या आणि बेकरने मळलेल्या पिठाचे एक्स-रे पण काढून बघितले, तरी कळेना. मग त्यांच्यातली इकुको तानाका नावाची सॉफ्टवेअरवाली बाई ओसाका इंटरनॅशनल हॉटेलच्या मुख्य बेकरकडे शिकायला गेली, आणि तिथे तिच्या लक्षात आलं की तो पीठ मळताना एका खास पद्धतीने ताणतोय. ते तिने इंजिनियर लोकांना पटवलं, पुढे वर्षभर खटपट केली आणि मशीनच्या आत खास उभ्या कडा बसवल्या, पीठ त्यांना अडकून ताणलं जावं म्हणून. बंड्या, तुझ्या भांड्यात आतनं बोट फिरवून बघ, तशी कड असेल तर ती एका माणसाच्या हाताची सवय आहे, धातूत उतरवलेली. असलं मशीन माळ्यावर टाकायचं नसतं.

ओव्हनमधल्या ब्रेडसारखी कुरकुरीत साल मशीनमध्ये येत नाही हे मान्य. खाली पात्याचं भोक पडतं ते पण मान्य, शेवटचं मळणं झालं की हाताला पीठ लावून पातं काढून घेतलं तर भोक लहान राहतं. पण माझ्या दीड खोलीच्या घरातल्या स्वयंपाकघरात ओव्हन ठेवायचा कुठे, त्याच्या गरमीने मे महिन्यात बसायचं कुठे, आणि हे मशीन मिक्सरच्या शेजारी मावतं. गोड फ्रूट ब्रेडला तर मऊ सालच बरी लागते असं माझं स्पष्ट मत आहे.

भाजून झाला की लगेच भांड्यातनं काढ, आत राहिला की वाफ धरून खालनं ओला होतो. जाळीवर ठेव आणि तासभर हात लावू नकोस. गरम कापला की आतनं चिकट लागतो आणि बेदाण्यांच्या जागी चिरतो. पावसात दोन-तीन दिवसांत बुरशी धरते, म्हणून गार झाला की सगळ्या स्लाइस पाडून निम्म्या फ्रीजरमध्ये टाक, लागतील तशा तव्यावर लोणी लावून भाज. यीस्टचं फोडलेलं पाकीट पण घट्ट डब्यात फ्रीजरमध्येच. आणि रात्री टायमर लावून सकाळी ताजा ब्रेड ही कल्पना छान आहे पण दूध घातलं असेल तर मुंबईच्या हवेत नको, पाणी आणि दुधाची पावडर वापरून कर.

उद्या रविवार आहे पण हे पत्र तुला मिळेपर्यंत पुढचा उजाडेल, तर पुढच्या रविवारी लाव. सकाळी साडेआठला सुरू केलास तर साधारण बाराच्या सुमारास निघेल. दहाव्या मिनिटाला मला व्हिडिओ कॉल कर, गोळा दाखव, पाणी वाढवायचं का ते मी बघून सांगतो, आणि बीप वाजली की परत कर. तो बिघडलेला ब्रेड फेकला नसशील तर पातळ कापून टोस्ट कर, चहाबरोबर चालेल. वहिनींना नमस्कार, आणि तुझ्याकडे अक्रोड उरलेत म्हणालास ते आधी चाखून बघ, पावसाळ्यात खवट होतात, खवट असतील तर नवीन आण, त्यात कंजूषपणा करू नकोस.

तुझाच,
बाळू