सोफिको चियाउरेली: रशियन नव्हे, जॉर्जियन

मा. संपादक,
स. न.

रविवारच्या पुरवणीतील जागतिक सिनेमावरच्या लेखात सोफिको चियाउरेली यांचा उल्लेख ‘रशियन अभिनेत्री’ असा झाला आहे. शिवाय दिग्दर्शक पाराजानोव्ह यांच्या ‘डाळिंबाचा रंग’ या चित्रपटातली ‘कवीची प्रेयसी’ एवढ्यावरच त्यांची बोळवण केली आहे. पहिली चूक सोव्हिएत काळातल्या अनेक बिगर-रशियन कलावंतांच्या वाट्याला येते. दुसरीमुळे मात्र चित्रपटच हातचा निसटतो.

चियाउरेली २१ मे १९३७ रोजी जॉर्जियाच्या राजधानीत, तिबिलिसीत जन्मल्या. आई व्हेरिको अंजापारिद्झे म्हणजे जॉर्जियन रंगभूमीवरचं मोठं नाव. वडील मिखाइल चियाउरेली स्टालिनच्या मर्जीतले दिग्दर्शक, ‘बर्लिनचा पाडाव’ हा त्यांचाच. (पुढे जॉर्जियन दिग्दर्शक अबुलाद्झे यांनी ‘पश्चात्ताप’ या चित्रपटात हुकूमशाहीची चिरफाड केली, त्याच्या शेवटच्या दृश्यात ‘हा रस्ता चर्चकडे जातो का?’ विचारणारी म्हातारी म्हणजे याच व्हेरिको. एका घरात दोन्ही टोकं!) ‘मिमिनो’चे दिग्दर्शक दानेलिया हे सोफिकोंचे मावसभाऊ. शिक्षण मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत झालं खरं, पण परतल्या त्या तिबिलिसीच्या रंगभूमीवरच.

आता ‘डाळिंबाचा रंग’. अठराव्या शतकातल्या सायात नोव्हा या आर्मेनियन कवीवरच्या या चित्रपटात तरुण कवीही चियाउरेली आणि त्याची प्रेयसीही चियाउरेलीच. पांढऱ्या लेसमधली जोगीण आणि देवदूत या भूमिकाही त्यांच्याच. प्रेयसी लेसची पट्टी चेहऱ्यासमोरून सावकाश सरकवते, जाळीतून कधी एक डोळा दिसतो, कधी ओठ. कॅमेरा जागचा हलत नाही, नजर थेट आपल्याकडे. आणि तोच चेहरा कमांचा हे तंतुवाद्य हाती धरलेल्या कवीचा! संवाद जवळपास नाहीतच, त्यामुळे सगळा भार मान, भुवई आणि बोटांवर. जॉर्जियन आणि आर्मेनियन या दोन्ही भाषांत ‘तो’ आणि ‘ती’ला एकच सर्वनाम आहे. मराठीत लिहिताना आपल्याला निवड करावी लागते आणि गोची नेमकी तिथेच होते.

लेख वाचून कुणी हा चित्रपट मंडळात दाखवणार असेल, तर दोन गोष्टी आधी पाहाव्यात. पहिली म्हणजे प्रत. पाराजानोव्ह यांच्या रचनेला जवळची प्रत साधारण ७८ मिनिटांची आहे. सोव्हिएत दिग्दर्शक युत्केविच यांनी पुन्हा संकलित केलेली रशियन प्रत सुमारे ७३ मिनिटांची, आणि तिच्यात दृश्यांचा क्रमही बदललेला आहे. पण नुसत्या मिनिटांवर जाऊ नये. सेकंदाला २४ ऐवजी २५ चौकटींनी (फ्रेम्सनी) चालणाऱ्या जुन्या डीव्हीडीवर पूर्ण चित्रपटही ७५ मिनिटांत संपतो. २०१४ साली बोलोन्याच्या चित्रपट संग्रहालयात झालेलं पुनरुज्जीवन मिळालं, तर तेच घ्यावं.

दुसरी गोष्ट पडद्याची. चौकटीचं प्रमाण १.३७ ला १ आहे, म्हणजे जवळजवळ चौकोनी. १६:९ च्या रुंद पडद्यावर दोन्ही बाजूंना काळे पट्टे राहतात म्हणून प्रोजेक्टरवर झूम केलं, की वरखालचा मिळून सुमारे २३ टक्के भाग कापला जातो. पाराजानोव्ह चौकटीच्या कडेपर्यंत वस्तू मांडतात, त्यामुळे नेमका मुकुट आणि पायाशी ठेवलेली वस्तू गायब होते. चित्र आडवं ताणलं तर चियाउरेलींचा उभट चेहरा पार पसरट दिसतो. काळे पट्टे राहू द्यावेत.

त्यांना एवढ्यावरच ओळखणंही अन्यायाचं. अबुलाद्झे यांच्या ‘इच्छावृक्ष’मध्ये (१९७६) त्या फुफाला आहेत: वय उतरलेली, तोंडाला पावडर थापलेली, अजून नटून मिरवणारी बाई. त्याच चित्रपटात गाव मारिता या तरुणीची गाढवावरून धिंड काढतं. तो प्रसंग गाजला हे रास्तच, पण हसवता हसवता पोटात कालवाकालव करते ती फुफाला. उलट १९८२ च्या ‘बाईचा शोध घ्या’ या रशियन दूरचित्रपटात नोटरीच्या कचेरीतली टेलिफोनवाली म्हणून त्यांनी निखळ धमाल केली. बहुधा यामुळेच ‘रशियन’ हा शिक्का बसत असावा.

२ मार्च २००८ रोजी तिबिलिसीतच त्या गेल्या. दुरुस्ती छापणार असाल, तर आडनाव लेखातल्यासारखं ‘शियाउरेली’ नको. ‘चियाउरेली’ लिहावं, आणि त्यातला च ‘चाक’मधला नव्हे, ‘चहा’मधला.

एक वाचक, पुणे