‘नको असेल तर काढून टाका’, पण बटण कुठे आहे? दळणवळण मंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
माननीय श्री. ज्योतिरादित्य शिंदे,
केंद्रीय दळणवळण मंत्री, नवी दिल्ली

सादर नमस्कार. सरकारच्या ‘संचार साथी’ अ‍ॅपबद्दल आपण म्हणालात, नको असेल त्याने काढून टाकावे. कंपन्या फोनमध्ये आधीच घालून देतात ती अ‍ॅप मात्र काढता येत नाहीत, त्याबद्दल हे पत्र.

वर आडनाव ‘शिंदे’ लिहिले आहे. दिल्लीत आणि वर्तमानपत्रांत ‘सिंधिया’ चालते हे ठाऊक आहे, पण ग्वाल्हेरच्या लष्कर भागातल्या आमच्या घरांत अजून शिंदेच म्हणतात. मी ग्वाल्हेरच्या महालेखाकार कार्यालयातून निवृत्त झालो. तेहतीस वर्षे दुसऱ्यांची बिले आणि व्हाउचरे तपासली, त्यामुळे कुठलीही वस्तू हातात आली की आधी तिची यादी करायची खोड आहे. या खेपेला हातात आला तो वहिनींचा मोबाइल.

वहिनी चौऱ्याहत्तर वर्षांच्या, इथेच जनकगंज मोहल्ल्यात एकट्या राहतात. मागच्या दिवाळीत पुतण्याने पुण्याहून पैसे पाठवले आणि मी बाड्याजवळच्या एका दुकानातून साडेनऊ हजारांचा फोन आणून दिला. खोक्यावर ६४ जीबी छापलेले होते. चार महिन्यांनी एका रविवारी त्यांनी मला बोलावून घेतले.

“भाऊजी, नातवाच्या मुंजीचे फोटो उतरत नाहीत. जागा नाही म्हणतो हा. मी तर आजवर एक फोटो काढलेला नाही, मग जागा खाल्ली कोणी?”

प्रश्न ऑडिटच्या भाषेत बिनतोड होता. मी वही घेऊन बसलो. वहिनी फोनचा उपयोग चार कामांसाठी करतात: फोन करणे, व्हॉट्सअ‍ॅप, बँकेचे पेन्शन आले का ते पाहणे आणि सकाळची भजने. त्यांनी स्वतः किंवा पुतण्याने घातलेली अ‍ॅप दोन. फोन चालायला लागतात ती बाजूला काढली, तरी शिल्लक तेवीस उरली. त्यांत तीन खेळ, दोन खरेदीची दुकाने, एक कर्ज देणारे, एक बातम्यांचे, एक ‘फोन साफ करणारे’ (तेच जास्त जाहिराती दाखवत होते), आणि कंपनीचे स्वतःचे एक दुकान, जे गूगलच्या दुकानाशेजारीच थाटलेले. वहिनींना यातले एकही माहीत नव्हते. कर्जवाल्याचे मात्र ओळखीचे निघाले, कारण त्याने एका रात्री दोनच्या सुमारास ‘तुमचे कर्ज मंजूर’ असा निरोप पाठवला होता आणि त्यांनी तो बँकेचा समजून रात्र जागून काढली होती. सकाळी मला विचारले होते, “मी कर्ज कधी मागितलं हो?”

तेवीसपैकी नऊ अ‍ॅप सरळ निघाली. बोट दाबून धरले, ‘अनइन्स्टॉल’ आले, संपले. आठ अशी होती की तिथे काढण्याचे बटण नाही, फक्त ‘डिसेबल’. आणि सहा अशी की दोन्ही बटणे नाहीत, किंवा आहेत पण राखाडी, दाबली तरी हलत नाहीत. त्या सहांतलेच एक फोन कुलूपबंद असतानासुद्धा पडद्यावर चित्रे आणि जाहिराती आणत होते. फोन आला की वहिनी घाईत बोट फिरवायच्या, ते जाहिरातीवर पडायचे आणि उघडायचे दुकानच. समोरचा तिकडे हॅलो हॅलो करतो आहे!

साहेब, डिसेबल म्हणजे काढणे नव्हे, एवढे एक वाक्य तरी लोकांना कोणी सांगायला हवे. कंपनीने कारखान्यात घातलेले असे न निघणारे अ‍ॅप फोनच्या सिस्टिमच्या भागात बसलेले असते. त्या भागात आपल्याला लिहायची वा पुसायची परवानगी नसते. डिसेबल केले की ते झोपते, मूळ प्रत तिथेच राहते. भाडेकरूला खोलीत कोंडले, पण खोली रिकामी झाली नाही, असा प्रकार. त्यातली मेख पुढे आहे. मूळ प्रत सिस्टिमच्या भागात असली तरी तिची अपडेट येतात ती आपल्या वाट्याच्या जागेत. म्हणजे खेळ त्यांचा आणि कोठार आमचे. वहिनींच्या फोनमधली जागा भरली ती या अपडेटनी आणि त्या अ‍ॅपनी साठवलेल्या चित्रांनी. मुंजीचे फोटो बिचारे दारात उभे.

मग कंपू मोहल्ल्यात राहणारा माझा भाचा आला. तो संगणकाचे काम करतो. त्याने सेटिंगमध्ये जाऊन बिल्ड नंबरवर सात वेळा टिचक्या मारल्या. मला वाटले गंमत करतो आहे, पण खरोखर सात टिचक्यांनी डेव्हलपर ऑप्शन्स नावाची एक गुप्त खोली उघडते. तिथे यूएसबी डीबगिंग (संगणकाला फोनवर हुकूम चालवू देणारी सोय) चालू केले, फोन तारेने लॅपटॉपला जोडला, आणि एडीबी नावाच्या साधनातून एकेका अ‍ॅपचे लांबलचक नाव टाकून त्याने ती सहाही हटवली. वहिनी टाळ्या वाजवायच्या बाकी होत्या. मी मात्र वहीत लिहून घेत होतो, म्हणून पुढचेही सांगतो. दुसऱ्या दिवशी बँकेचे अ‍ॅप उघडेना. डेव्हलपर ऑप्शन्स चालू असतील तर चालणार नाही, असे ते म्हणत होते. चूक बँकेची नाही. चोरांच्या भीतीने बऱ्याच बँकांची अ‍ॅप अशी अडतात. ती खोली पुन्हा बंद केली तेव्हा पेन्शन दिसले. दोन महिन्यांनी फोनचे मोठे अपडेट आले आणि हटवलेल्यांपैकी दोन अ‍ॅप परत येऊन बसली, जणू गावाला जाऊन आली. भाचा म्हणाला, हे व्हायचेच. आपण फक्त आपल्या खात्यापुरते काढले, मूळ प्रत जिवंत आहे, फोन फॅक्टरी रीसेट केला, म्हणजे कारखान्यातून आला तसा कोरा केला, तर सगळी परत येतील. आणि चुकून सिस्टिमचे एखादे महत्त्वाचे हटवले तर फोन चालूच होत नाही, नुसते कंपनीचे नाव चमकत राहते. त्याच्या स्वतःच्या जुन्या फोनचे तसे झालेले आहे.

आता हे सारे आपल्याला का सांगतो. २८ नोव्हेंबर २०२५ रोजी आपल्या दूरसंचार विभागाने फोन बनवणाऱ्या कंपन्यांना कळवले होते की ९० दिवसांत ‘संचार साथी’ अ‍ॅप फोनमध्ये आधीच घालून द्यावे, पहिल्यांदा फोन सुरू करताना ते सहज दिसावे, आणि त्यातली कामे बंद किंवा मर्यादित करता येऊ नयेत. गदारोळ झाला. २ डिसेंबरला आपण संसदेबाहेर सांगितलेत की ते ऐच्छिक आहे, नको असेल त्याने काढून टाकावे. ३ डिसेंबरला सरकारने सक्ती मागे घेतली.

संचार साथी वाईट आहे असे माझे म्हणणे नाही. चोरीला गेलेला फोन त्यातून ब्लॉक करता येतो, आपल्या नावावर किती सिम आहेत ते कळते, फसवे फोन आणि संदेश कळवता येतात. माझ्या फोनमध्ये ते आहे, मी स्वतः घातले आहे. आणि म्हणूनच ते मला माझे वाटते. मला हवे आहे ते दुसरेच. २ डिसेंबरला आपण सरकारच्या अ‍ॅपबद्दल जे बोललात, तेच वाक्य वहिनींच्या फोनमधल्या त्या सहा अ‍ॅपना लागू करा. सरकारने आपले अ‍ॅप काढता येईल असे ठेवले, मग एका पत्त्यांच्या खेळाला एवढी प्रतिष्ठा कशासाठी?

हा विषय आपल्या खात्याचा की श्री. अश्विनी वैष्णव यांच्या इलेक्ट्रॉनिक्स आणि माहिती तंत्रज्ञान मंत्रालयाचा, की ग्राहक व्यवहार विभागाचा, यावर फाइल वर्षभर फिरू शकते. मी स्वतः अशा फाइली पाहिल्या आहेत. तिसऱ्या टेबलावर तिचा रंग बदलतो. तरी आपल्यालाच लिहितो, कारण ते वाक्य आपले आहे.

हा प्रश्न न्यायालयांपुढे जाऊन आला आहे, हे आपल्या अधिकाऱ्यांना माहीत असेलच. भारतीय स्पर्धा आयोगाने २० ऑक्टोबर २०२२ रोजी अँड्रॉइडच्या प्रकरणात गूगलला १,३३७.७६ कोटी रुपये दंड केला आणि दहा निर्देश दिले. त्यांत एक असा होता की गूगलने आपली आधीच घातलेली अ‍ॅप काढण्यापासून ग्राहकाला अडवू नये. राष्ट्रीय कंपनी कायदा अपिलीय न्यायाधिकरणाने २९ मार्च २०२३ रोजी दंड कायम ठेवला आणि चार निर्देश रद्द केले. रद्द झालेल्यांत हा निर्देश होता. दंड राहिला, बटण गेले. आणि मुळात तो निर्देशसुद्धा गूगलच्या अ‍ॅपपुरता होता. फोन बनवणाऱ्याने पैसे घेऊन घातलेले खेळ आणि कर्जवाले त्यात येतच नव्हते. स्पर्धा कायद्यातून वहिनींचा प्रश्न सुटणार नाही, तो बाजारातल्या दोन पहिलवानांच्या कुस्तीसाठी आहे. इथे ग्राहकाच्या बाजूने सरळ नियम लागेल.

तसा नियम जगात कोणी केला नाही असेही नाही. दक्षिण कोरियाने २०१४ सालीच कंपन्यांना सांगितले की गरजेची नसलेली अ‍ॅप ग्राहकाला काढता आली पाहिजेत. युरोपीय संघाच्या डिजिटल मार्केट्स कायद्याची बंधने मार्च २०२४ पासून लागू झाली. मोठ्या कंपन्यांच्या ऑपरेटिंग सिस्टिममधले कुठलेही अ‍ॅप ग्राहकाला सहज काढता आले पाहिजे, फक्त यंत्र चालायला अत्यावश्यक असेल ते सोडून, असे त्यात लिहिले आहे. त्यानंतर युरोपातल्या आयफोनवर सफारी हा अ‍ॅपलचा ब्राउझर आणि खुद्द अ‍ॅप स्टोअरसुद्धा काढता येऊ लागले. तांत्रिक अडचण आहे असे कोणी आपल्याला सांगायला आले, तर त्यांना एवढाच एक दाखला पुरे.

आपल्याकडेही फोन कसा असावा हे सरकारने पूर्वी सांगितलेले आहे. १ जानेवारी २०१७ पासून विकल्या जाणाऱ्या फोनमध्ये संकटकाळचे बटण हवे, हा नियम आपल्याच दूरसंचार विभागाचा. भारतीय भाषांतले संदेश फोनवर वाचता यावेत म्हणून भारतीय मानक ब्यूरोने आयएस १६३३३ हे मानक केले. जे बटण नव्हते ते आपण घालायला लावले. आता एक बटण कंपन्यांनी राखाडी करून ठेवले आहे, तेवढे चालू करायला लावायचे आहे.

कायद्याचा आधारही घरातच आहे. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्याच्या सहाव्या कलमात म्हटले आहे की संमती देणे जितके सोपे, तितकेच ती मागे घेणे सोपे असावे. वहिनींनी फोन सुरू करताना चार वेळा ‘पुढे’ दाबले, ही झाली संमती. ती मागे घ्यायला भाचा, लॅपटॉप, तार आणि सात टिचक्या लागल्या. यातले सोपे कोणते, हे आपणच ठरवा.

कंपन्या म्हणतील, ही अ‍ॅप घालायचे पैसे मिळतात म्हणून फोन साडेनऊ हजारांत देता येतो. खरे असेल. गरिबाचा फोन महाग व्हावा असे मला मुळीच वाटत नाही. पण मग ते खोक्यावर छापा की राव! तेलाच्या पिशवीवर वजन, किंमत, बनवल्याची तारीख छापावी लागते. फोनच्या खोक्यावर ‘६४ जीबी’ एवढेच, त्यातली ग्राहकाला प्रत्यक्ष किती मिळणार ते नाही, आत कोणाकोणाची अ‍ॅप पैसे देऊन बसली आहेत ते नाही. दोन किमतींचे फोन ठेवा हवे तर, एक जाहिरातींसह आणि एक विना. घेणारा विचार करून घेईल. वहिनींनी विनावालाच घेतला असता, त्या भाजीवाल्याशीसुद्धा हिशेबानेच बोलतात.

माझे मागणे थोडके आहे. कॉल, संदेश, सेटिंग, कीबोर्ड आणि संकटकाळची सोय यांपलीकडचे जे काही कारखान्यात घातले असेल, ते सेटिंगमधून, बोटाने, तारेशिवाय काढता यावे. काढलेले अपडेटच्या वाटेने परत येऊ नये. काढले तर त्याने घेतलेल्या परवानग्याही जाव्यात. आणि हा नियम सरकारी अ‍ॅपनाही तितकाच लागू असावा, संचार साथीलाही आणि उद्या येईल त्यालाही. या नियमातून कोणती अ‍ॅप वगळायची ती यादी कंपनीच्या हातात देऊ नका. ‘अत्यावश्यक’ काय ते त्यांना ठरवू दिले तर पत्त्यांचा खेळही अत्यावश्यक होईल. आमच्या कार्यालयात एकदा एका खात्याने सोफासेट ‘तातडीच्या दुरुस्ती’त दाखवला होता, तेव्हापासून या शब्दाची मला धास्ती आहे.

परत आलेली ती दोन अ‍ॅप अजून वहिनींच्या फोनमध्ये आहेत. भाचा पुण्याला बदलून गेला. लॅपटॉप माझ्याकडेही आहे, पण बिल्ड नंबरवर सात टिचक्या मारायचे धाडस माझे मला होत नाही.

उत्तर पाठवणार असाल तर कृपया ते पोस्टाने पाठवा. डाक विभागही आपल्याकडेच आहे, आणि पोस्टमन जनकगंजात रोज येतो. पीडीएफ पाठवू नका, वहिनींच्या फोनमध्ये ती उतरवायला जागा नाही.

आपला,
एक निवृत्त लेखापरीक्षक
लष्कर, ग्वाल्हेर