पितृपंधरवड्यात लिहिलेलं पत्र

पुणे,
रविवार, १४ सप्टेंबर २०२५

प्रिय मंजे,

पितृपंधरवडा लागला आणि आमच्या घरातली खरेदी एकदम थंडावली. आई म्हणते, घटस्थापनेपर्यंत सुतळीचा तोडासुद्धा विकत घ्यायचा नाही. मला बरंच वाटलं. गेला दीड महिना मी दुकानांशिवाय दुसरं काही बघितलेलं नाही; ऑफिसात एक्सेल उघडलं तरी रकान्यांना काठ दिसायला लागलेत. "लग्नाच्या कपड्यांचं ठरलं का?" असं तू विचारलं होतंस आणि मी नुसता अंगठा पाठवला होता. खरं उत्तर आज लिहिते. चहा घेऊन बस, लांबण लागणार आहे.

तू सुटलीस बाई. इंदूरला रजिस्ट्रारच्या ऑफिसात एका महेश्वरीवर तुझं लग्न लागलं आणि तीच साडी नेसून तू पुढच्या आठवड्यात बँकेत गेलीस. आमच्याकडे कपडे म्हणजे चार वेगळे खटले. अष्टपुत्री मामाची. शालू सासरचा. एक पैठणी माझ्या स्वतःच्या पैशांची, हे मी पहिल्या पगारापासून घोकत आलेय. आणि संध्याकाळी स्वागतसमारंभाला "काहीतरी वेगळं". हे कोणी ठरवलं ते शोधूनही सापडत नाही. अष्टपुत्रीचं मामीने परस्पर मिटवलं. पिवळी धमक, छान आहे. राहिले तीन.

शालूसाठी श्रावणात एका शनिवारी लक्ष्मी रोडला गेलो. बस्ता बांधायचा म्हणजे माणसं हवीतच: आई, मावशी, होणाऱ्या सासूबाई, त्यांच्या धाकट्या जाऊबाई, नणंद आणि मी. नवरदेव अमेय गाडी लावायला गेला तो पाऊण तासाने उगवला आणि आजचं आपलं काम झालं अशा चेहऱ्याने कोपऱ्यात बसून राहिला.

दुकान जुनं. पांढरी गादी, चपला बाहेर. गादीवरचे काका सत्तरीचे तरी असतील. त्यांनी पाण्याचे पेले फिरवले आणि हवापाणी विचारावं तसं विचारलं, "रेंज काय धरायची?"

मंजे, ती शांतता! पैसे सासूबाई देणार म्हणून आई बोलेना. सून म्हणून मी बोलेना. आकडा कमी सांगितला तर विहीणबाई काय म्हणतील, म्हणून सासूबाई बोलेनात. मी तोंड उघडायला आणि आईचा अंगठा माझ्या पावलावर पडायला एकच गाठ पडली. शेवटी सासूबाईच म्हणाल्या, "दाखवा हो तुम्ही, आधी आवडू तर दे तिला." काकांनी मान डोलावली आणि फळीवर चढलेल्या पोराला बोटांनी काहीतरी खूण केली. ती खूण काय होती देव जाणे, पण पहिला शालू पडला तो बरोबर सगळ्यांचा जीव भांड्यात पडेल अशा भावाचा.

पुढचा तासभर ते साड्या माझ्यापुढे उलगडत होते आणि बघत होते सासूबाईंच्या तोंडाकडे. त्यांची भुवई जरा हलली की साडी बाजूला. मी आपली पदर अडकवायची खुंटी. पदर खांद्यावर पडला की सगळ्याजणी एकदम बोलायच्या. "खुलतोय." "भारदस्त आहे." "हिला जरा उजळ दिसेल असं दाखवा." (हे जाऊबाईंचं. लक्षात ठेवलंय मी.)

डाळिंबी रंगावर सगळ्यांचं एकमत झालं तेव्हा तुझं वाक्य आठवलं: दुकानातल्या दिव्याखाली काही पसंत करू नकोस. पदर तसाच खांद्यावर घेऊन मी अनवाणी फुटपाथवर आले. दुकानातला पोरगा माझ्या मागोमाग, मी शालूसकट कुंटे चौकात पळ काढणार अशी खात्री असल्यासारखा. आणि आत डाळिंबाच्या दाण्यासारखा दिसणारा तो रंग बाहेर चक्क विटकरी निघाला. गर्दीत अडकलेल्या स्कूटरवरच्या एक बाई हेल्मेटची काच वर करून म्हणाल्या, "हा नको गं, पोक्त दिसतेस." ओळख ना पाळख. पण त्या सबंध दिवसात मला पटलेलं पहिलं मत ते.

आत येऊन नको म्हटलं तर काका रागावले नाहीत. त्यांनी पहिल्यांदाच माझ्याकडे नीट बघितलं, कपाटातून दुसरा शालू काढला आणि तो उलटा पसरला. म्हणाले, "पाठ बघा. ही बुट्टी कढुआ. एकेक बुट्टी वेगळी विणलेली, म्हणून मागे धागा मोकळा नाही. मघाचा फेकुआ होता. त्यात धागा या बुट्टीपासून त्या बुट्टीपर्यंत तसाच जातो, मग मागून कापतात." मी दोन्हीच्या पाठीवरून बोट फिरवलं. आधीच्याला दाढी वाढल्यासारखी खरखर, याला काही नाही. "निऱ्या जोडव्यात अडकत नाहीत," काका म्हणाले. सप्तपदीत तोंडावर पडायची माझी भीती त्यांना कशी कळली कोण जाणे. रंग गुलबक्षी. सव्वीस हजार. सासूबाईंनी एक रुपया कमी करा म्हटलं नाही, बिल झाल्यावर मात्र म्हणाल्या, "एक परकर घाला की हो वर." घातला त्यांनी. मला त्या बाई तिथून पुढे आवडायला लागल्या.

मावशीच्या हट्टापायी दादरलाही एक फेरी झाली. सकाळी डेक्कन क्वीनने गेलो, तडक हिंदमाताच्या कापडबाजारात. तिथे पाणीबिणी कोणी विचारत नाही, "घ्यायचंय का बघायचंय?" एवढंच विचारतात. आहेराच्या एकवीस साड्या दोन तासांत बांधून हातात. काय घ्यायचं ते ठरवून गेलीस तर तिथल्यासारखी सोय नाही, ठरवायला गेलीस तर डोकं फिरेल.

आता ते "काहीतरी वेगळं". नणंदेने बाणेरच्या एका बुटीकची वेळ घेऊन ठेवली होती. नाव लिहीत नाही, लिहून तरी काय करणार. शिरल्या शिरल्या मोगऱ्याच्या अत्तराचा वास, गारठा, आणि एक मुलगी जी मला सतत "ब्राइड" म्हणत होती. "ब्राइडला पाणी द्या." "ब्राइडचा साइझ काय?" माझं नाव तिने फॉर्मवर लिहून घेतलं होतं, पण ते फॉर्मवरच राहिलं. फोटो काढायचे नाहीत ही अट. म्हणजे घरी जाऊन विचार करायचा नाही, जे काय ते तिथेच.

रंग दाखवले डस्टी रोझ, पावडर ब्लू, सेज. आई प्रत्येक वेळी माझ्या कानात भाषांतर करत होती. "विटका गुलाबी." "धुऊन गेलेला निळा." "वाळलेला कढीपत्ता." मला हसू आवरेना. एक घागरा घालून बघितला. आत कॅन-कॅनच्या कडक जाळीचे इतके थर की मी दारातून आडवी झाले. वजन किती विचारलं तर "फील खूप लाइट आहे, मॅम." त्या लाइट फीलसकट मला एका गोल चौथऱ्यावर उभं केलं, वरून दिवे लावले आणि तिघीचौघींनी टाळ्या वाजवल्या. मंजे, मला खरंच क्षणभर राणीसारखं वाटलं, खोटं कशाला बोलू. भाव पंच्याऐंशी हजार, निम्मे आगाऊ, परत मिळणार नाहीत. भाड्याने हवा तर तीन दिवसांचे बारा हजार आणि वर अनामत.

मापं घेताना मात्र ती टेपवाली सहज म्हणाली, "वेडिंगपर्यंत ब्राइडचे दोन इंच कमी होतील ना? त्या हिशोबाने शिवू." माझ्या तोंडून शब्द फुटेना. आई, जी एरवी रिक्षावाल्याला सुटे मागायलाही बिचकते, ती म्हणाली, "ती आत्ता आहे ना, त्या हिशोबाने शिवा. नाहीतर राहू दे." आणि राहिलंच. खाली येऊन आम्ही दोघींनी वडापाव खाल्ला, नणंदेसकट.

आता पैठणी. ही मुळात मी लक्ष्मी रोडलाच घेणार होते. दोनचार दुकानांत बघितल्याही. पण जिथे तिथे उत्तरं बदलायची. "प्युअर आहे का?" म्हटलं की "सिल्क मार्क आहे ना ताई." आता सिल्क मार्क खरा असतो, त्यात खोट नाही, पण तो रेशीम अस्सल आहे एवढंच सांगतो, साडी हातमागावरची की यंत्रमागावरची यावर तो गप्प. आणि "टेस्टेड जर" म्हणजे तपासून घेतलेली उत्तम जर असं मी आठवडाभर समजत होते. ती निघाली तांब्याच्या तारेवरची. चांदीच्या तारेवर सोन्याचा मुलामा ती खरी, आणि तिचा भाव ऐकून मी नमस्कार केला. आमच्या आजीची पैठणी तसल्या जरीची होती. अडीअडचणीच्या वर्षी "जुनी जर" अशी हाळी देत येणाऱ्याला तिने ती देऊन टाकली. त्याने ती जाळून चांदी काढून घेतली असणार, दुसरं काय करतात. आई अजून त्या काठांचं वर्णन करते तेव्हा हात असे लांब धरते, जणू मोजून दाखवतेय.

तर ऑगस्टमध्ये एका रविवारी पहाटे मी, आई आणि बाबा नगर-मनमाड रस्त्याला लागलो. शिर्डी, कोपरगाव मागे टाकलं की येवला. नाव पैठणचं असलं तरी माग बघावेत ते येवल्याला. मोठ्या शोरूमच्या रांगा आहेतच, त्या टाळून ऑफिसातल्या एकाच्या ओळखीने आम्ही एका विणकराच्या घरी गेलो. पुढची खोली म्हणजेच माग. दादा मागावर बसलेले, वहिनी शेजारी कांड्या भरत होत्या, आणि मागाच्या खांबाला पोराचं दप्तर टांगलेलं.

पदर विणताना धोटा या टोकापासून त्या टोकापर्यंत फेकत नाहीत गं! मला हे माहीतच नव्हतं. प्रत्येक रंगाची एवढीशी तिल्ली, बोटाएवढी, आणि मोराच्या एकट्या पिसाऱ्यात अशा कितीतरी लोंबत असतात. हिरवा धागा आपल्या हद्दीपर्यंत जातो, शेजारच्या जरीला गळ्यात गळा घालून मागे फिरतो. म्हणून पाठीलाही तोच मोर दिसतो, धागे नाहीत. "यंत्रावरची असली की मागे धागे कापलेले दिसणार," दादा म्हणाले, "नाहीतर जाळी लावून झाकलेले." मी विचारलं, दिवसाला किती होतं? त्यांनी बोलणं टाळून पदरावर दोन बोटं आडवी ठेवली. सकाळपासून तेवढं झालं होतं. तेव्हा दुपारचे तीन वाजलेले.

आईने आपली परीक्षा घेतलीच. दशीतला एक धागा मागून घेतला, काडेपेटी तिच्या पर्समध्ये होती (का, ते विचारू नकोस). धागा जळला, केस जळल्याचा वास आला, राख चिमटीत भुगा झाली. पॉलिस्टर असतं तर वितळून गोळी झाली असती. वहिनी हसून म्हणाल्या, "आणखी एक जाळा हवं तर." आई ओशाळली. लक्ष्मी रोडच्या एका दुकानात हाच धागा मागितला होता तेव्हा "आमच्यावर विश्वास नाही का?" असं ऐकावं लागलं होतं, ते दोघींनाही आठवलं.

तयार साड्या होत्या घरात, त्यातली एक घेऊन त्याच दिवशी येता आलं असतं. बाबांचं तेच म्हणणं होतं. पण मला पोपटी उभ्या ताण्यावर जांभळा आडवा बाणा आवडला, तो धूपछाव. चाललीस की रंग बदलतो. तसली तयार नव्हती. नारळी काठ, पदराला तीनच मोर, अंगभर बारीक बुट्टी. जर टेस्टेडच, पण त्यांनी ती आपणहून टेस्टेड म्हणून सांगितली. बत्तीस हजार, दहा आगाऊ. वहिनींनी लग्नाची तारीख विचारली आणि भिंतीवरच्या कॅलेंडरवर नोव्हेंबरच्या पानावर गोल केला. "त्याच्या आधी पंधरा दिवस मागावरून उतरवतो," दादा म्हणाले. परतताना बाबा नगरपर्यंत काही बोलले नाहीत, मग म्हणाले, "लाइट गेली तरी चालतो की तो माग."

आणि ऐक, स्वागतसमारंभालाही मी तीच नेसणार आहे. अमेयला सांगितलं, त्याने विचारलं, "मग मी काय घालू?" हा खटला त्याचा तो लढेल. नणंद जरा हिरमुसली, पण तिला केसांचं आणि मेंदीचं खातं दिलंय.

राहता राहिलं ब्लाउजचं. आमच्या कोपऱ्यावरचे टेलर म्हणतात, कापड हातात येईपर्यंत बोलू नका. म्हणजे मधे पंधराच दिवस सापडतात. तू निदान पाच दिवस आधी ये. निऱ्या तूच घालायच्या आहेत. पार्लरवालीने पैठणीच्या निऱ्यांना पिना मारायचं म्हटलंय आणि माझ्या पोटात गोळा आलाय. तुझी ती महेश्वरीही आण, सीमांतपूजनाला तूच नेस, घडी मोडून झालेल्या साडीची मजा वेगळी असते असं तूच म्हणतेस ना.

दर रविवारी संध्याकाळी वहिनी पदराचा फोटो पाठवतात. पदरापासूनच सुरुवात केलीय त्यांनी. फोटो बहुतेक हललेला असतो, कधी कोपऱ्यात पोराचा पाय येतो. आत्ता हे लिहितानाच आजचा आला. दुसऱ्या मोराला मान फुटलीय, चोच अजून नाही.

आईचा तुला आशीर्वाद. तिकीट काढलंस की कळव.

तुझी,
अनू