घाटमाथ्यावरची वही

चि. बाळास,
अनेक आशीर्वाद.

काल तुझ्या घाटातल्या धावण्याबद्दल फोनवर म्हणालास, "बाबा, शेवटच्या चढावर मी धावलो नाही, चाललो." पुढे काही बोललाच नाहीस. रात्री झोप लागेना, एक जुनी गोष्ट आठवली, म्हणून लिहायला बसलो.

जपानात आन्नाका नावाचं छोटं संस्थान होतं. 1853 मध्ये अमेरिकेच्या काळ्या युद्धनौका एदोजवळ (आजच्या टोकियोजवळ) येऊन ठाकल्या आणि दोनशेहून जास्त वर्षं लढाई न पाहिलेला देश हादरला. आन्नाकाचे दाइम्यो, म्हणजे संस्थानिक, इताकुरा कात्सुआकिरा यांनी 1855 च्या उन्हाळ्यात आपल्या पन्नाशीच्या आतल्या सामुराईंना धावायला लावलं. किल्ल्याच्या दरवाजातून निघायचं आणि नाकासेंदो या जुन्या राजरस्त्यानं उसुई घाटमाथ्यावरचं कुमानो देऊळ गाठायचं. अंतर सुमारे 29 किलोमीटर, चढ जवळजवळ हजार मीटरचा!

मला सगळ्यात भावतो तो या वाटेवरचा साकामोतो हा मुक्काम. नावाचा अर्थच 'चढणीचा पायथा'. म्हणजे वीसेक किलोमीटर तुडवून माणूस इथवर येतो आणि खरा घाट इथून पुढे उभा राहतो. तुझा तो शेवटचा चढ ऐकला आणि मला हेच गाव आठवलं.

सगळे एकदम सुटले नव्हते. सहा-सात जणांची एकेक तुकडी, असं महिनाभराहून जास्त चाललं. वर देवळातले पुजारी पोचणाऱ्यांची नोंद वहीत करत आणि दमलेल्यांना खाऊपिऊ घालत. कोण पहिला आला, याला फारसं महत्त्व नव्हतं. संस्थानाला घाट चढू शकणारे पाय हवे होते; उसुईचा तपासणी नाका सांभाळायची जबाबदारीही त्यांचीच होती.

ती वही शंभर वर्षं घाटमाथ्यावरच्या एका घरात पडून होती. 1955 मध्ये सापडली आणि 1975 पासून त्याच वाटेवर दर मे महिन्यात लोक धावतात, कितीतरी जण सामुराईचा वेश करून. या धावण्याला 'तोआशी' म्हणतात. तीच अक्षरं आज 'एन्सोकु' अशी वाचली की अर्थ होतो शाळेची सहल. शब्दाचा हा प्रवास मला फार आवडला.

तू माथ्यावर पोचलास का, हे काल मी विचारलंच नाही. वर काय दिसलं? खायला काही मिळालं का? सगळं सविस्तर लिही. आई गुडघ्याला लावायचं तेल पाठवते आहे.

तुझा,
बाबा