सुजाता वहिनींच्या सोनोग्राफीविषयी श्रीधरला पत्र

सांगली,
१२ जुलै

प्रिय श्रीधर,
सप्रेम नमस्कार.

काल रात्री तुझा फोन ठेवल्यावर मला बराच वेळ झोप लागली नाही. विसाव्या आठवड्याच्या सोनोग्राफीत बाळाच्या दोन्ही किडन्यांना सूज दिसते आहे, हे सांगताना तुझा आवाज जसा कापत होता, तसाच साडेसहा वर्षांपूर्वी, आमच्या सईच्या वेळी, माझाही कापला होता. वहिनी शेजारी बसल्या होत्या, त्यामुळे तुला मोकळेपणाने विचारता आले नाही आणि मलाही नीट सांगता आले नाही. म्हणून सविस्तर लिहितो आहे. सावकाश वाच आणि वाचून झाले की वहिनींनाही वाचायला दे. त्यांच्यापासून लपवावे असे यात काही नाही.

आधी त्या 'सूज' या शब्दाविषयी. आपल्याकडे सूज म्हटली की जखम, जंतुसंसर्ग, ठणका असेच डोळ्यांसमोर येते. बाळाच्या बाबतीत यातले काहीही झालेले नाही. किडनीत तयार झालेली लघवी आधी एका नरसाळ्यासारख्या पोकळीत जमते आणि तिथून मूत्रवाहिनीच्या बारीक नळीतून मूत्राशयात उतरते. या नरसाळ्याला डॉक्टर रीनल पेल्विस म्हणतात. ते नेहमीपेक्षा थोडे फुगलेले दिसले, की रिपोर्टवर त्याचा पुढून मागे मोजलेला व्यास मिलिमीटरमध्ये लिहितात. तू पाठवलेल्या फोटोत डावीकडे ५.१ आणि उजवीकडे ४.३ असे आकडे आहेत. अठ्ठाविसाव्या आठवड्यापर्यंत ४ मिलिमीटर आणि त्यानंतर ७ मिलिमीटर ही साधारण सीमा धरतात. या टप्प्यावर ४ ते ७ च्या दरम्यानचे माप सौम्य समजले जाते. ७ किंवा त्याहून अधिक असते, तर मी तुला वेगळे पत्र लिहिले असते.

शंभर गर्भारपणांमागे एक ते पाच बाळांत असा फुगवटा आढळतो, म्हणजे ही काही दुर्मीळ गोष्ट नाही. त्यांतल्या बहुसंख्य बाळांचा फुगवटा, विशेषतः तुमच्या बाळाइतका सौम्य असेल तर, पोटात असतानाच किंवा जन्मानंतरच्या वर्ष-दोन वर्षांत आपोआप ओसरतो. जिथे तो राहतो, तिथे मुख्यतः दोन कारणे असतात: एक तर नरसाळे जिथे नळीला मिळते तो सांधा अरुंद असतो, नाहीतर मूत्राशयातली लघवी उलटी वर किडनीकडे चढते. सईचे कारण पहिले होते.

तुमच्याकडे फुगवटा दोन्ही बाजूंना आहे, त्यामुळे डॉक्टरांनी मूत्राशय आणि गर्भजल नीट पाहिले का, हे मी तुला काल पुन्हा पुन्हा विचारत होतो. गर्भारपणाच्या उत्तरार्धात गर्भजल हे बहुतांशी बाळाच्या लघवीचेच बनलेले असते. ते पुरेसे असेल, तर किडन्या लघवी तयार करत आहेत आणि ती बाहेरही पडत आहे, याचा तो पुरावाच होय. मुलग्यांमध्ये क्वचित मूत्रमार्गात पडद्यासारखी झडप असते. तशा वेळी मूत्राशय मोठे आणि जाड भिंतीचे दिसते, पुढे पाणीही कमी होत जाते. मुलगा की मुलगी हे डॉक्टर आपल्याला सांगू शकत नाहीत आणि सांगूही नये. १९९४ च्या कायद्याने ते बंद केले, ते योग्यच केले. पण त्यामुळे तपासणीत काही उणे राहत नाही, कारण पाहायचे असते ते मूत्राशय आणि पाणी, आणि ही दोन्ही तुमच्या रिपोर्टवर नॉर्मल लिहिलेली आहेत. ती ओळ मी दोनदा वाचली.

डाऊन सिंड्रोमची भीती तू दबक्या आवाजात बोलून दाखवलीस. नुसता हा सौम्य फुगवटा असेल, सोबत दुसरा कोणताही दोष दिसत नसेल आणि वहिनींची पहिल्या तिमाहीतली रक्तचाचणी कमी धोक्याची आली असेल, तर त्या शक्यतेत म्हणावी अशी वाढ होत नाही. ती रक्तचाचणी झाली होती ना, एवढे मात्र फाइल काढून बघ.

आणि एक गोष्ट कळकळीने सांगतो. यात वहिनींचा काडीचाही दोष नाही. अनघाला आमच्याच घरातल्या एका वडीलधाऱ्या बाईंनी ग्रहण पाळले होतेस का, असे विचारले होते. तिने पाळले नव्हते. त्या एका प्रश्नाने ती पुढचे चार महिने स्वतःला खात राहिली; मी तिला समजावत होतो, पण त्या बाईंना गप्प करण्याचे धैर्य तेव्हा माझ्यात आले नाही, याचे मला आजही वाईट वाटते. पाणी कमी प्यायले, पपई खाल्ली, जिना चढली, असे कोणी म्हणू लागले तर तू तिथल्या तिथे थांबव. बाळाचे अवयव घडत असताना होणारी ही गोष्ट आहे. त्यासाठी प्रसूती लवकर करावी लागत नाही आणि केवळ एवढ्या कारणाने सिझेरियनही करावे लागत नाही.

आता आमची हकीकत, जी मी आजवर तुला अर्धवटच सांगितली आहे. एकविसाव्या आठवड्यात सईच्या डाव्या बाजूचे माप ५.६ होते. म्हणजे आपण दोघेही जवळपास एकाच आकड्यावरून निघालो आहोत. पण बत्तिसाव्या आठवड्यात तिचे माप ११ झाले. जन्मानंतर पाचव्या दिवशी सोनोग्राफी केली. पहिल्या दोन दिवसांत बाळाला लघवीच कमी होते आणि फुगवटा खोटा लहान दिसू शकतो, म्हणून मुद्दाम थांबले होते. माप १२ आले. दीड महिन्याची झाल्यावर पुण्याला ईसी स्कॅन, म्हणजे प्रत्येक किडनी किती काम करते हे मोजणारी तपासणी केली, त्यात दोन्ही किडन्यांच्या एकूण कामात डावीचा वाटा ४७ टक्के होता. डॉक्टर म्हणाले, उत्तम आहे, शस्त्रक्रियेची गरज नाही, मात्र तीन महिन्यांनी पुन्हा सोनोग्राफी करून दाखवा.

ती सोनोग्राफी आम्ही केली नाही. सई अंगाने बाळसेदार होती, दूध व्यवस्थित पीत होती, हसत होती. गावाकडचा पाऊस, कुलदैवताचे दर्शन, माझी बदली, असे एकेक निमित्त होत गेले आणि खरे तर तिच्याकडे पाहून तिला काही झाले आहे असे आम्हाला वाटेचना. सातव्या महिन्यात तिला सर्दी-खोकल्याशिवाय ताप आला. तीन दिवस ती दूध ओकत होती. एका दवाखान्यात दात येत असतील म्हणून पातळ औषध मिळाले, कारण किडनीची फाइल आम्ही सोबत नेलीच नव्हती आणि तोंडी सांगण्याचेही सुचले नाही. शेवटी लघवी तपासली, तेव्हा जंतुसंसर्ग निघाला. सोनोग्राफीत माप २४ झाले होते.

दुसऱ्या ईसी स्कॅनचा दिवस मला अजून जसाच्या तसा आठवतो. हलू नये म्हणून तिला दुपट्यात घट्ट गुंडाळून टेबलावर ठेवले होते आणि मी तिच्या डोक्याशी वाकून उभा होतो. पडद्यावर दोन लहान घेवड्याच्या दाण्यांसारखे उजेड दिसू लागले. लघवी वाढवणारे इंजेक्शन दिल्यावर उजवा दाणा हळूहळू विझत गेला, म्हणजे रिकामा झाला. डावा तसाच तेवत राहिला. कोणी काही बोलण्याआधीच मला कळले होते. काम ३८ टक्क्यांवर आले होते.

आठव्या महिन्यात पायलोप्लास्टी झाली. अँडरसन आणि हाइन्स यांनी १९४९ मध्ये मांडलेल्या पद्धतीने अरुंद सांधा कापून काढतात आणि नरसाळे नळीला नव्याने जोडतात. सांध्याच्या आधारासाठी आत ठेवलेली बारीक नळी, म्हणजे डीजे स्टेंट, सहा आठवड्यांनी काढली. वर्षभराने काम ४३ टक्के आले आणि तेव्हापासून ते तिथेच स्थिर आहे. सई यंदा पहिलीत गेली. डाव्या कुशीवर बोटभर लांबीचा व्रण आहे, एवढेच. शस्त्रक्रिया कदाचित टळली नसतीही. पण वेळेवर दाखवले असते, तर त्या तापातून आणि त्या घसरणीतून ती वाचली असती, असे मला प्रामाणिकपणे वाटते.

हे वाचून घाबरू नकोस. तुमच्या बाळाला यातले काही करावे लागेल याची शक्यता कमी आहे. पण माप वाढले तर आधी कळावे आणि जन्मानंतर बाळ गुटगुटीत दिसते म्हणून तारखा चुकू नयेत, एवढ्यासाठी मी हे सगळे उघड केले. अठ्ठावीस ते बत्तीस आठवड्यांच्या दरम्यान पुन्हा सोनोग्राफी होईल. फुगवटा राहिलाच, तर प्रसूतीपूर्वीच एखाद्या बालशल्यचिकित्सकांना भेटून ठेवा. बाळ घरी आल्यावर कारण न कळणारा ताप, दूध न ओढणे, वजन न वाढणे, मुलगा असेल तर लघवीची धार थेंबथेंब होणे, यांपैकी काहीही दिसले तर त्याच दिवशी लघवी तपासून घ्या आणि सोनोग्राफीची फाइल दाखवा, मग डॉक्टर कोणीही असोत.

सईची फाइल मी कुरिअरने पाठवतो आहे. तिच्यातले आकडे बघून नव्हे, पण काय काय विचारायचे असते ते समजण्यासाठी तिचा उपयोग होईल. अनघा रविवारी दुपारी वहिनींना फोन करणार आहे. तिला त्यांच्याशी एकटीने बोलायचे आहे, तेव्हा तू जरा बाहेर जाऊन ये. पुढच्या सोनोग्राफीची तारीख ठरली की कळव. मी त्या दिवशी रजा टाकून साताऱ्याला येतो.

सुजाता वहिनींना नमस्कार, आईंना साष्टांग दंडवत.

तुझा,
मोहन